एक जून, एक जानेवारी

बॉथेल, वॉशिंग्टन
९ फेब्रुवारी २०२५

दादा,

वर ‘साष्टांग नमस्कार’ लिहून खोडलं आहे, तो डाग तुला दिसेल. बावीस वर्षं बोलणं नसलेल्या बहिणीने एकदम पायाशी यावं हे तुला रुचायचं नाही, आणि वाकायची सवय मलाही नाही. म्हणून नुसतं दादा.

कऱ्हाडचा पत्ता तुझ्या ज्ञानदाने दिला. “आत्या, बाबा वाचतील असं नाही,” म्हणाली. नको वाचूस. मी लिहिते.

विनय गेले त्याच्या पुढच्या वर्षी मी इकडे संग्रामकडे आले. सहा वर्षं होतील. तो आणि अंतरा दिवसभर कॉम्प्युटरसमोर. नात रुचा सोळा वर्षांची. मी मराठीत विचारते, ती इंग्रजीत उत्तर देते, कोणाचं काही अडत नाही. रविवारी महाराष्ट्र मंडळातली मुलं येतात. “गिरिजाकाकू, तुमच्या मोर्च्यांचं सांगा ना,” म्हणतात, आणि मी सुरू केलं की पोह्यांच्या प्लेटा घेऊन मॅचकडे वळतात. धरणग्रस्तांसाठी मी वीस वर्षं घसा फोडला, तो आता फोडणीच्या वासात ऐकला जातो.

पण आठवड्यातले तीन दिवस मी घरात नसते. दोन बस बदलून शहराच्या दक्षिणेला जाते. विमानतळाच्या अलीकडे सोमाली लोकांचं एक उपनगर आहे. डोक्यावरून दर दोन मिनिटांनी विमान उतरतं, इतकं खालून की चाकं मोजावीत. मुलं वर बघतही नाहीत. म्हाताऱ्या बायका मात्र अजून दचकतात. त्यांच्या गावावर जी विमानं यायची ती उतरायला येत नव्हती.

तिथे जुन्या गोदामात बाजार आहे. चाळीस गाळे, बहुतेक बायकांचे. कापड, अत्तर, धूप, वेलदोडा घातलेला चहा, आणि आपल्या आंबोळीच्या सख्ख्या बहिणीसारखा एक पदार्थ. आंबोळ्या करणारी होदन माझ्याच वयाची. तिच्या यासीनमुळे आमची ओळख झाली. तो विमानतळावर व्हीलचेअर ढकलतो. आपल्याकडची प्रत्येक आई चालता येत असूनही व्हीलचेअर लावून घेते ना, म्हणजे इमिग्रेशनच्या रांगेत वाट दाखवायला कोणी असावं? संग्रामनं माझ्यासाठीही लावली होती. मी बसेना. तेव्हा हा उंच काळा मुलगा म्हणाला, “बसा आजी, रिकामी खुर्ची ढकलली तर साहेब मला वेडा म्हणेल.” बसले. वाटेत त्यानं विचारलं, तुम्ही काय करता. म्हटलं, बोलते. तो म्हणाला, “मग माझ्या आईकडे या. तिला ऐकायला कोणीतरी हवंच आहे, आणि बोलायलाही.”

होदनच्या घरात छावणीतून आलेली सात माणसं. भिंतीवरच्या कॅलेंडरवर सातांचीही नावं एकाच चौकोनात, एक जानेवारी. मी विचारलं, हे काय? ती म्हणाली, “छावणीतल्या कारकुनाला जन्मतारीख हवी होती. आम्हाला पाऊस ठाऊक, दुष्काळ ठाऊक. त्यानं सगळ्यांना एक जानेवारी लिहिलं.” मी हसत सुटले. आपल्या शाळेत गुरव मास्तरांनी अख्ख्या शाळेला एक जून लिहिलं होतं, तू सुद्धा एक जून, मी सुद्धा एक जून, शेजारचा शिवा सुद्धा. मी तिला ते सांगितल्यावर ती इतकी हसली की तव्यावरची आंबोळी करपली. “म्हणजे बाई,” ती म्हणाली (तिथे मला सगळे बाईच म्हणतात, त्यांच्या भाषेत), “तूही निर्वासितच आहेस. फक्त तुझा कारकून शाळेत बसला होता.”

हा बाजार पाडून तिथे मोठ्या इमारती उठवायचं नगरपालिकेनं ठरवलं होतं. ‘पर्यायी जागा देऊ’ म्हणाले. दादा, ते शब्द ऐकल्यावर माझ्या अंगाची काय आग झाली असेल हे तुझ्याइतकं कोणाला कळणार? जानेवारीत जाहीर सभा झाली. प्रत्येकाला तीन मिनिटं. मी बोलले. चार विरुद्ध तीन मतांनी बाजार वाचला.

एवढंच कळवायचं होतं.

गिरिजा


बॉथेल
२३ मार्च २०२५

दादा,

उत्तर नाही. मीही आशा धरली नव्हती.

यासीनला धरून नेलं. नागरिकत्वाच्या मुलाखतीला बोलावलं होतं. नवा सदरा घालून गेला, बायको आणि तिन्ही मुलं खाली गाडीत थांबली. आत त्याला एक व्हिडिओ दाखवला आणि मागच्या दारानं घेऊन गेले. मुलं गाडीत दोन तास बसून होती. धाकटीनं सीटवर लघवी केली, कारण आई म्हणत होती, बाबा आत्ता येतील, जागेवरून हलू नका.

आता तो दीड तासावरच्या कैदखान्यात आहे. कैदखाना म्हणत नाहीत, केंद्र म्हणतात. आपल्याकडेही गाव बुडवायचं तेव्हा ‘संपादन’ म्हणत.

व्हिडिओ माझ्या भाषणाचा होता. आपल्याच शैलेंद्रनं, म्हणजे मंडळाच्या सेक्रेटरीनं, तो काढला, खाली तबल्याचं संगीत घातलं, ‘आपल्या गिरिजाकाकूंनी अमेरिकन कौन्सिल हलवलं’ असं लिहून टाकला. “काकू, फोडलंत यार!” म्हणून ग्रुपवर नुसता पाऊस. चाळीस हजार लोकांनी पाहिला म्हणे. त्यातल्या कोणीतरी तो पुढे नेऊन दिला. कोणी, ते कधीच कळणार नाही.

मी सभेत कोणाचंही नाव घेतलं नव्हतं, हे तुला मुद्दाम लिहिते. एकही नाव घेतलं नव्हतं.

संग्राम म्हणतो, आई, तुझा काय दोष? तू जनरल बोललीस. अंतरा चहा ठेवते आणि माझ्याकडे न बघता कप सरकवते.

गिरिजा


बॉथेल
१९ एप्रिल २०२५

दादा,

मागच्या पत्रात मी खरं लिहिलं, आणि तरी तुला फसवलं. ते आता नीट लिहिते.

सोमाली मुलाला स्वतःचं आडनाव नसतं. त्याचं नाव, मग बापाचं, मग आजाचं, अशी वीस-वीस पिढ्यांची माळ लहानपणी पाठ करून घेतात. आपल्याकडे हेळवी बैलावर चोपड्या घालून यायचा आणि ओसरीवर बसून आपली वंशावळ वाचायचा, आठवतं? त्यांच्याकडे चोपडी नाही. मुलाचं डोकं हीच चोपडी.

एका दुपारी तव्यापाशी बसून होदननं मला सांगितलं की यासीन तिचा मुलगा नाही. बहिणीचा आहे. किसमायो शहरात लढाई शिरली तेव्हा बहीण आणि तिचा नवरा एकाच भिंतीखाली गेले. होदन दोन वर्षांच्या पोराला पाठीशी बांधून केनियाच्या हद्दीपर्यंत चालत गेली. छावणीत नऊ वर्षं. अमेरिकेचे कागद निघाले तेव्हा कारकून म्हणाला, पोटची मुलं बरोबर येतील, भाच्याचं प्रकरण वेगळं, त्याला वेळ लागेल. किती वेळ? त्यानं खांदे उडवले. होदननं त्याला मुलगा लिहिलं. होदनच्या नवऱ्याचं नाव त्याच्या नावामागे लागलं, नवऱ्याच्या बापाचं त्यामागे. अकरा वर्षांच्या पोराची अख्खी माळ बदलली. घरात, नमाजानंतर, ती त्याच्याकडून हळू आवाजात खरी माळ म्हणवून घ्यायची, बाप पुसला जाऊ नये म्हणून.

“कोणाला सांगू नकोस,” असं ती म्हणाली नाही. ज्याच्याबरोबर एका ताटात जेवलो त्याला ते सांगावं लागत नाही असं तिला वाटलं.

आणि मी? आमच्या चळवळीत बाईनं दुःख सांगितलं की ते सभेचं झालं. मी वहीत लिहून घ्यायची, व्यासपीठावरून वाचायची, आणि ती बाई खाली बसून पदरानं डोळे पुसायची. वीस वर्षं मी असंच केलं. कधी कोणाला विचारलं नाही, कारण कोणी नाही म्हटलं नव्हतं. या वेळीही वहीत लिहिलं होतं.

तीन मिनिटांतलं शेवटचं मिनिट उरलं होतं. सात सदस्यांपैकी चौघं घड्याळाकडे बघत होते. मी म्हटलं:

“या सभागृहात एक आई बसली आहे. तिचा मुलगा तिचा नाही, युद्धात मेलेल्या बहिणीचा आहे. तुमच्या कारकुनाला भाचा चालत नव्हता, म्हणून तिनं त्याला मुलगा लिहिलं. छत्तीस वर्षांचा तो माणूस तुमच्या विमानतळावर तुमच्या आईबापांच्या खुर्च्या ढकलतो आणि आपल्या बापाचं नाव मोठ्यानं घेऊ शकत नाही. या देशात यायला ज्यांनी बापाचं नावसुद्धा दिलं, त्यांच्याकडे आता तुम्ही आणखी काय मागता?”

सभागृह उभं राहिलं. एक सदस्य रडली. तिचंच चौथं मत.

नाव घेतलं नाही, दादा. पण ‘एक आई बसली आहे’ म्हणताना माझा हात गेला. वीस वर्षांची सवय, हाताला विचारावं लागत नाही. पहिल्या रांगेत पिवळ्या वस्त्रात होदन बसली होती. व्हिडिओत माझा हात दिसतो, मग तिचं तोंड दिसतं. टाळ्या वाजत असताना फक्त ती एकटी वाजवत नव्हती. मी तेव्हा समजले की ती भारावली आहे.

होदन हे तिचं नाव नाही. यासीन त्याचं नाही. पहिल्या पत्रातच मी ती बदलली होती. तेव्हा यासीनला धरलं नव्हतं, सगळं छान चाललं होतं, तरी माझ्या हातानं नावं बदलून लिहिली. म्हणजे आत कुठेतरी मला ठाऊक होतं. बाजार वाचल्याचं तुला कळवायचं होतं म्हणून ते पत्र लिहिलं असं मी स्वतःलाही सांगितलं होतं. ते खोटं. टाळ्या थांबल्यावर मला जे आठवलं ते तू होतास.

गिरिजा


बॉथेल
१ जून २०२५

दादा,

आज आपल्या दोघांचा वाढदिवस. तू पंचाहत्तर, मी एकोणसत्तर, शाळेच्या दाखल्याप्रमाणे. ज्ञानदाचा मेसेज आला: ‘बाबा पत्रं वाचतात. काही बोलत नाहीत. पण पोस्टमन आला की चष्मा मागतात.’ तेवढ्यावर मी हे लिहिते आहे.

यासीनची वकील आली होती. पोरगी तिशीची, पैसे न घेता लढते. म्हणाली, सरकारकडे कागद म्हणून अजून काही नाही, फक्त तुमचं भाषण आहे. ती गोष्ट तुम्हाला कोणी सांगितली, की तुम्ही पाचपंचवीस बायकांच्या हकिकतींतून जुळवली, हे तुम्ही कोर्टात शपथेवर सांगा. “मी तुम्हाला खोटं बोला असं म्हणू शकत नाही,” ती म्हणाली. “तुम्हाला काय आठवतं, एवढंच विचारते.”

होदन तिच्या शेजारी बसली होती. तिनं आडपडदा ठेवला नाही. “सांग की तू रचलंस. तू बोलणारी बाई आहेस. बोलणारी माणसं रचतात, हे सगळ्यांना माहीत आहे.”

मी म्हटलं, विचार करते. दादा, पोर आत सडत होतं आणि मी म्हटलं, विचार करते! कारण व्यासपीठावरून मी आयुष्यात खोटं बोलले नाही, हीच एक इस्टेट माझ्याकडे होती. ती मी एका माणसाची किंमत देऊन कमावली होती आणि तो माणूस तू होतास.

ते मी एकदा लिहायलाच हवं. २००३ साली कलेक्टर कचेरीसमोर मोर्चा होता. बोगस धरणग्रस्त दाखल्यांवर मी बोलत होते, आणि खालून एक कारकून ओरडला, “आधी तुमच्या घरातला बघा!” पाच हजार माणसं माझ्याकडे वळली. मी तुझं नाव घेतलं. कागदावर तू नरेंद्र आबाजी होतास. मी मुद्दाम ‘नरेंद्र बाबूराव शेडगे’ म्हटलं, सख्ख्या बापाच्या नावानं. म्हटलं, आबाकाकांचं गाव बुडालं, आमचं नाही. आबाकाकांना मूल नव्हतं, म्हणून आमच्या बापानं मागल्या तारखेचं दत्तकपत्र केलं आणि माझा भाऊ धरणग्रस्त होऊन सरकारी नोकरीला चिकटला. तेव्हाही टाळ्या पडल्या. लोक म्हणाले, बाई असावी तर अशी, भावालाही सोडलं नाही. पाच वर्षं राहिली होती तुझ्या निवृत्तीला. नोकरी गेली. मग वहिनी अंथरुणाला खिळली, आणि तिच्या मातीला मी आले तेव्हा तू आतून कडी घातलीस.

मी सभेत जे सांगितलं ते अक्षर न् अक्षर खरं होतं. जे सांगितलं नाही तेही खरं होतं. आबाकाकांना अर्धांग झालं तेव्हा तू त्यांना अकरा वर्षं सांभाळलंस. रोज आंघोळ घालून ऑफिसला जायचास. त्यांनी तुला कधी ‘माझा पुतण्या’ म्हटलं नाही, ‘आमचा नरू’ म्हणायचे. त्यांच्या चितेला तू अग्नी दिलास. त्या दिवशी हे एक वाक्य घातलं असतं तर सभा पडली असती.

हे मी काल संग्रामला सांगितलं नाही. काल त्याच्याशी भांडण झालं ते वेगळं. मी म्हटलं, मी कोर्टात जाते आणि सांगते की रचलं.

“आई, आर यू सीरियस? तू ग्रीन कार्डवर आहेस. अंडर ओथ खोटं बोललीस आणि पकडली गेलीस तर तुला पण बाहेर काढतील!”

“काढू देत. माझं गाव अजून आहे. त्याचं नाही.”

“हे डायलॉग मोर्च्यात ठीक होते. आपण इथे राहतो, आई. रुचाचं कॉलेज आहे. आणि तुझं ते ‘खोटं कधी बोलले नाही’ कुठे गेलं? शाळेत असताना मी गणिताचे मार्क खोटे सांगितले तर दोन दिवस बोलली नव्हतीस माझ्याशी.”

“तेव्हा चुकले.”

“चुकलीस? आणि मामा? मामाला संपवलंस तेव्हा?” आवाज चढला त्याचा. अंतरा म्हणाली, “संग्राम, नको ना.” पण तो आता थांबणार नव्हता. “तू इथे आलीस कशी, माहितीये? तुझा जन्मदाखला नव्हता. नातेवाइकाचं अॅफिडेव्हिट लागतं, तुझ्याहून मोठ्या. सगळे मेलेले. मी मामाला फोन केला. एका शब्दात म्हणाला, पाठव कागद. कऱ्हाडच्या कोर्टात रिक्षानं गेला, दोनदा, पहिल्यांदा नोटरी नव्हता म्हणून. शपथेवर लिहून दिलं की माझी बहीण गिरिजा एक जून एकोणीसशे छप्पन रोजी जन्मली, हे मला स्वतःला माहीत आहे. म्हणाला, तिला सांगू नकोस. खोटं आहे ना ते? तुला तर तुझी तारीख माहीतच नाही! त्या खोट्यावर तू सहा वर्षं इथे बसली आहेस!”

रुचा जिन्यात उभी होती. म्हणाली, “डॅड, स्टॉप. जस्ट स्टॉप.”

मी खोलीत आले. पासपोर्ट काढला आणि ती तारीख बघत बसले.

तू मला का सांगितलं नाहीस, असं विचारायला पेन उचललं होतं. आता वाटतं, सांगितलं असतंस तर मी ते नाकारलं असतं. सभेत तुझं नाव घेणारी मी, एखाद्या दूतावासाच्या खिडकीत उभी राहून म्हणाले असते, ही तारीख खोटी आहे. तू मला ओळखतोस.

उद्या वकिलाला फोन करते.

गिरिजा


बॉथेल
१४ सप्टेंबर २०२५

दादा,

कोर्ट म्हणजे आपल्या तालुक्याच्या मामलेदार कचेरीएवढी खोली. खिडकी नाही. यासीनच्या अंगावर केंद्राचे कपडे, दाढी वाढलेली. मला बघून त्यानं मान लववली. एकदम मला खुर्चीचा तो पहिला दिवस आठवला.

मी उजवा हात वर केला. हा तोच हात.

सरकारी वकिलानं विचारलं, नाव? सांगितलं. जन्मतारीख? “एक जून एकोणीसशे छप्पन.” शपथेनंतरचं माझं दुसरंच उत्तर तुझ्या सहीचं होतं. त्यानं धीर आला.

“सभेत सांगितलेली गोष्ट तुम्हाला कोणी सांगितली?”

“कोणी नाही. मी रचली.”

“त्या बाईकडे हात केलात.”

“पहिल्या रांगेत तिचे कपडे पिवळे होते. नजरेत भरली.”

“म्हणजे तीनशे लोकांसमोर तुम्ही खोटं बोललात?” तो तरुण होता, नम्र होता. आपल्या संग्रामहून दहा वर्षांनी लहान.

“हो.”

“का?”

मी उत्तर तयार करून गेले होते. तोंडातून मात्र निघालं, “टाळ्यांसाठी.”

दादा, त्या दिवशी मी खोलीत पुष्कळ खोटं बोलले. तेवढा एक शब्द सोडून.

मग न्यायाधीश यासीनकडे वळले. कागद चाळत, नुसतं विचारायचं म्हणून विचारलं. नोंदीत असलेलं वडिलांचं नाव बरोबर आहे ना? वकिलीणबाईंनी आधीच त्याला शिकवलं होतं, ‘हो’ म्हणायचं. एक अक्षर.

तो उठून उभा राहिला. माझ्याकडे बघितलं, होदनकडे बघितलं. आणि स्वतःच्या भाषेत, हात बांधून, शाळेत पोर कविता म्हणतं तसा सुरू झाला. स्वतःचं नाव. खऱ्या बापाचं नाव. आजाचं. पणजाचं. वकिलीण त्याची बाही ओढत होती. दुभाषा म्हणून एक म्हातारा सोमाली होता. त्यानं पहिली तीन नावं इंग्रजीत सांगितली, मग थांबला आणि खाली मान घालून ऐकत राहिला. नावांचं भाषांतर काय करणार! कोणी अडवलं नाही. मी मोजत होते. एकोणीस पिढ्या. इतका मोठा आवाज त्याच्या तोंडून मी कधी ऐकला नव्हता.

मग इंग्रजीत म्हणाला, “ही म्हातारी माझ्यासाठी स्वतःला खोटारडी म्हणवून घेते आहे. ती खोटारडी नाही. माझी मुलं माझ्यामागे चुकीची माळ म्हणताहेत.” आणि बसला.

होदननं वस्त्राचं टोक तोंडात कोंबलं.

बाहेर वाहनतळावर मी तिच्यापुढे उभी राहिले. ती म्हणाली, “तू खरं बोललीस तेव्हा त्याला धरलं. तू खोटं बोललीस तेव्हा त्याला घालवलं. बाई, तू गप्प कधी बसतेस?”

गिरिजा


बॉथेल
२ नोव्हेंबर २०२५

दादा,

यासीनला मोगादिशूला पाठवलं. ते शहर त्यानं जन्मात पाहिलं नव्हतं. विमान नेहमीसारखंच बाजारावरून गेलं असणार. कुठलं ते आम्हाला कळलं नाही, म्हणून त्या दिवशी होदन प्रत्येक विमानाला बाहेर येत होती. तो आता एका लांबच्या नातेवाइकाच्या दुकानामागे झोपतो. फोनवर म्हणतो, बरा आहे. मागे आवाज येतो तो फटाक्यांचा आहे, असं मुलांना सांगतो. तिकडे फटाके कशाला वाजतील हे मोठ्याला कळतं. तो बहिणींना सांगत नाही.

माझ्या ग्रीन कार्डाबद्दल अजून पत्र आलेलं नाही. संग्राम रोज टपालाचा डबा उघडून बघतो. माझ्याशी बोलतो, पण इंग्रजीत.

मी अजून तीन दिवस तिकडे जाते. होदन बोलत नाही. बसायला मनाई करत नाही. मी कांदा चिरते, भांडी घासते. परवा तिनं यासीनच्या धाकटीला माझ्यासमोर बसवलं आणि खरी माळ म्हणायला सांगितली. पोर आठव्या नावावर अडखळली. मी सवयीनं पिशवीतून वही काढली, म्हटलं, लिहून देते तिला. होदननं माझ्या हातातून पेन घेतलं, तव्याच्या पलीकडे ठेवलं, आणि कोर्टानंतरचं पहिलं वाक्य बोलली.

“लिहू नकोस. पाठ कर.”

मी पाठ करते आहे. एकोणीस नावं. अकरा आली.

बाजार वाचला खरा. फक्त आता भाडं मागायला येणारा प्रत्येक माणूस होदनकडे बघून म्हणतो, तूच ना ती व्हिडिओतली?

दादा, सोबत एक कागद आहे. इथल्या नोटरीपुढे सही केली, त्याला मराठी येत नव्हतं, त्यानं फक्त मला पासपोर्ट विचारला. या कागदाचा आता कुठेही उपयोग नाही. तुझी नोकरी जाऊन बावीस वर्षं झाली, वहिनीही नाही. कोणापुढे वाचणार नाही, तुझ्याशिवाय कोणाला पाठवलेला नाही. चष्मा मागितलास तर वाच.

गिरिजा


सत्यप्रतिज्ञापत्र

मी, खाली सही करणार, गिरिजा विनय जगदाळे, माहेरची शेडगे, जन्मतारीख १ जून १९५६, सत्यप्रतिज्ञेवर लिहून देते की, नरेंद्र आबाजी शेडगे यांना मी लहानपणापासून ओळखते. ते कै. आबाजी शेडगे यांचे चिरंजीव होत. आबाजी यांचे गाव धरणात गेले, त्या दिवशी नरेंद्र त्यांच्याजवळ होते. आबाजी यांना अर्धांग झाल्यावर अकरा वर्षे नरेंद्र यांनी त्यांना आंघोळ घातली, भरवले, आणि त्यांच्या चितेला अग्नी दिला. आबाजी यांना दुसरा मुलगा नव्हता.

हे मला स्वतःला माहीत आहे.

वर लिहिलेला मजकूर खरा व बरोबर आहे.